पाण्यावर झुकलेली फांदी

भाताची लावण उरकली की सह्याद्रीच्या माथ्यावरच्या गावांतली घाई थोडी ओसरते आणि रात्री लोक खेकड्यांना बाहेर पडतात. आमचं कामही तेव्हाच ऐन भरात येतं. मी उभयचर प्राण्यांचा अभ्यास करते आणि गेली बरीच वर्षं माझा पावसाळा कोयनेच्या परिसरातल्या ओढ्यांत जातो. कराडहून चिपळूणला जाणारा रस्ता कुंभार्ली घाटाने कोकणात उतरतो, त्याच्या अलीकडचा हा डोंगराळ, दाट पट्टा. वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस, सकाळपासून धुकं आणि दर दोन टेकड्यांच्या मधे एक वाहतं पाणी.

रात्री आठच्या सुमाराला निघायचं. पायात गमबूट, डोक्याला बॅटरी, गळ्यात प्लॅस्टिकच्या पिशवीतली वही. सोबत गावातले मामा असतात, कारण अंधारात कुठला दगड हलतो आणि कुठला नाही हे त्यांनाच ठाऊक. ओढ्यात उतरलं की आधी सगळे दिवे बंद करून दहा मिनिटं नुसतं उभं राहायचं. पाण्याचा आवाज इतका मोठा असतो, की पहिल्यांदा आलेल्या विद्यार्थ्याला दुसरं काही ऐकूच येत नाही. कान रुळले की पाण्याच्या आवाजाखालून एक दबका, तुटक, ओळीने येणारा आवाज वेगळा काढता येतो. तो पाण्यातून येत नाही. पाण्याच्या हातभर वरून, झुडपातून येतो. तिथे आपला बेडूक बसलेला असतो.

शास्त्रीय नाव निक्टिबॅट्रॅकस हुमायुनी. इंग्रजीत बॉम्बे नाइट फ्रॉग म्हणतात, आम्ही आपसांत रातबेडूक म्हणतो. जगात हा फक्त सह्याद्रीच्या उत्तर भागात आहे. भादुरी आणि कृपलानी या दोघा शास्त्रज्ञांनी 1955 साली खंडाळा-महाबळेश्वरकडच्या नमुन्यांवरून त्याची नोंद केली आणि नाव दिलं ते हुमायून अब्दुलअली यांचं. अब्दुलअली पक्षितज्ज्ञ होते, बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचे आधारस्तंभ होते. पुढे बेडकांच्या तंगड्यांची परदेशी निर्यात थांबावी म्हणून त्यांनी लेखणी झिजवली. शेतातले मोठे बेडूक टनावारी मारले जात होते आणि तेच बेडूक पिकांवरचे किडे खात होते, हे त्यांनी पुन्हापुन्हा मांडलं. 1987 साली ही निर्यात बंद झाली. ज्या माणसाच्या नावाचा हा बेडूक, त्याने बेडकांसाठी खरोखर काही केलं, याचं मला फार अप्रूप वाटतं.

दिसायला हा चार-पाच सेंटिमीटरचा, तपकिरी, सुरकुतलेल्या कातडीचा प्राणी. ओल्या खडकावर बसला तर नजर त्याच्यावरून सहज घसरते. पण बॅटरीचा झोत तिरका धरून जवळून पाहिलं, की एकेक गोष्ट उलगडते. डोळ्यातली बाहुली गोल नाही, शंकरपाळ्यासारखी तिरपी चौकोनी आहे. बोटांच्या टोकांना पसरट चकत्या आहेत. त्यांच्या बळावर तो निसरड्या पानावर उभा चढतो. नराच्या मांड्यांवर आतल्या बाजूने उठून दिसणाऱ्या ग्रंथी असतात. हे सगळं शरीर ओढ्याच्या काठासाठी घडलं आहे. शेतातला बेडूक साचलेल्या पाण्यात भागवतो, झाडावरचा बेडूक फांदीवर. याला मात्र वाहतं पाणी आणि त्यावर झुकलेला पाला, दोन्ही एकाच जागी हवं.

ते का हवं, हे त्याचं मीलन पाहिल्याशिवाय कळत नाही. बहुतेक बेडकांत नर मादीच्या पाठीवर बसून तिला पुढच्या पायांनी घट्ट धरतो आणि अंडी पाण्यात बाहेर पडत असतानाच ती फलित करतो. या मिठीचे सहा प्रकार शास्त्राला माहीत होते. 2016 साली दिल्ली विद्यापीठाचे एस. डी. बिजू आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी याच भागातल्या हुंबर्ली गावाजवळ केलेला अभ्यास प्रसिद्ध झाला आणि त्यात सातवा प्रकार जगापुढे आला. बेडकांच्या साडेसहा हजारांहून जास्त जातींपैकी दुसऱ्या कुणात हा प्रकार नोंदला गेला नव्हता.

तो प्रकार डोळ्यांनी पाहायला मिळाला त्या रात्री पाऊस रिपरिप होता. ओढ्याच्या एका बारीक फाट्यावर जांभळीची कोवळी फांदी झुकली होती आणि तिच्या एका रुंद पानावर नर हाक देत होता. आम्ही बॅटरीवर लाल कागद लावला आणि दगडाला टेकून राहिलो. बऱ्याच वेळाने मादी खालून खडकावर आली, थबकली, मग फांदीवर चढून पानापर्यंत पोचली. नर तिच्या पाठीवर आला, पण त्याने तिला धरलं नाही. त्याचे हात पानावर टेकलेले होते, मादी त्याच्या खाली मोकळी होती. अशा स्थितीत नर आपलं शुक्रद्रव मादीच्या पाठीवर सोडतो आणि बाजूला होतो. अंडी अजून आलेलीच नसतात. नर उतरून गेल्यावर मादी तशीच स्थिर बसून राहिली आणि मग अंडी घालू लागली. पाठीवरचं ते द्रव ओघळत तिच्या मागच्या पायांवरून खाली अंड्यांवर येतं आणि तिथे ती फलित होतात. सगळं आटोपल्यावर मादी पाण्याकडे निघून गेली. पानाला पारदर्शक गराची एक ओली लड चिकटून राहिली.

आता या सगळ्याला काय काय लागलं ते पाहा. नराला हात टेकायला एक स्थिर पान किंवा बुंधा लागला. हवा इतकी दमट लागली, की पाठीवरचं द्रव आणि गरातली अंडी सुकणार नाहीत. आणि ते पान बरोबर पाण्याच्या वर असावं लागलं, कारण काही दिवसांनी अंड्यांतून निघणारे बेडूकमासे वळवळत खाली पडतात. खाली पाणी असेल तर ते जगतात; खाली मुरूम, सिमेंट किंवा वाळलेली धार असेल तर मरतात. एका पिढीचा निकाल त्या हातभर अंतरावर लागतो.

हुंबर्लीच्या त्याच अभ्यासाने आणखी काही गोष्टी उजेडात आणल्या. या जातीत मादीही आवाज देते. जगात अशा जाती मोजक्याच आहेत. नर जागेसाठी झटापट करतात. अंडी खाणारा सापही तिथे नोंदला गेला. आम्हालाही एकेका पानावर वेगवेगळ्या वयाच्या अंड्यांच्या लडी दिसतात: खालची ताजी, वरच्या लडीत शेपट्या हलू लागलेल्या. म्हणजे चांगली फांदी ही त्यांच्यासाठी दुर्मीळ वस्तू आहे. तिच्यासाठी नर भांडतात, मादी तिच्याकडे येते आणि एकच फांदी सबंध मोसम पुन्हापुन्हा वापरली जाते. ती तुटली तर शेजारच्या फांदीवर भागेल, असं गृहीत धरता येत नाही.

या कुळातले बहुतेक बेडूक काठाशी असेच बांधलेले आहेत, फक्त बांधण्याची रीत वेगळी. कर्नाटकातल्या मध्य सह्याद्रीत याचा एक भाऊबंद आहे, के. व्ही. गुरुराजा आणि सहकाऱ्यांनी 2014 साली नोंदलेला कुंभार बेडूक. त्याचा नर काटकीवर लटकलेल्या अंड्यांवर ओढ्यातला चिखल हातांनी उचलून लिंपतो. त्याला काटकी हवी आणि काठाला मऊ चिखलही हवा. काठ दगडाने बांधून काढला, तर चिखल गेला आणि त्याच्याबरोबर तो बेडूकही. आमच्या कोयनेला रातबेडकाच्याच ओढ्यांच्या आसपास, उघड्या कातळांवर, कोयना टोड राहतो, पी. डब्ल्यू. सोमण यांनी 1963 साली त्याची नोंद केली. दोघांचं घर एकमेकांपासून हाकेच्या अंतरावर, पण गरज पूर्ण निराळी. म्हणून 'जंगल वाचवा' एवढं म्हणून बेडूक वाचत नाहीत. जंगलातली कुठली जागा, हे सांगावं लागतं.

कागदावर पाहिलं तर हा भाग चांगला राखलेला आहे. कोयना अभयारण्य 1985 सालचं. 2010 मध्ये कोयना आणि चांदोली राष्ट्रीय उद्यान मिळून सह्याद्री व्याघ्र प्रकल्प झाला. 2012 मध्ये युनेस्कोने पश्चिम घाटाची जी 39 ठिकाणं जागतिक वारशात घेतली, त्यांत कोयना आणि चांदोली दोन्ही आहेत. हे मोठं काम आहे आणि त्यामुळे आतलं जंगल टिकलं, हे मी रोज पाहते. पण रातबेडूक अभयारण्याची हद्द पाहून राहत नाही. गावाच्या पाणवठ्याशेजारी, रस्त्याच्या मोरीखाली, भातखाचरांच्या वरच्या ओघळीत तो आहे. त्या ओघळी कुठल्या नकाशात ठळक दिसत नाहीत. पावसाळ्यापासून सहा महिने वाहणारी, दोन हात रुंद धार. तिला बहुतेक वेळा नावही नसतं.

रस्ता रुंद करताना पहिला घाव या धारांवर बसतो. एका वर्षी आमच्या पाहणीतल्या एका ओघळीच्या काठाची झाडी एका ठेकेदाराच्या माणसांनी उन्हाळ्यात साफ केली, मोरीखाली पाइप टाकला आणि दोन्ही बाजूंनी सिमेंट केलं. काम नियमाप्रमाणेच झालं होतं. एकही मोठं झाड गेलं नव्हतं. कारवी, शेरणी, जांभळीची रोपटी, वेली, असा सगळा बारीक पाला तेवढा गेला. पावसाळ्यात धार पूर्वीसारखी वाहिली, पण आवाज आला नाही. पुढच्या वर्षीही नाही. पाणी तेच, जंगलही पन्नास पावलांवर; मधला काठ तेवढा नव्हता. मी त्या ठिकाणी उभी राहून फार अस्वस्थ झाले, कारण तक्रार करावी असा कुठला नियम मोडलेलाच नव्हता.

दुसरा घाव पर्यटनाचा. पावसाळ्यात धबधब्यांवर गर्दी होते, ते एका परीने ठीक. लोकांनी डोंगर पाहायला यावं. पण आता रात्री बेडूक बघायला येणाऱ्यांची संख्या वाढली आहे. त्यांतले बरेचजण मनापासून येतात. काहीजण मात्र चांगला फोटो मिळावा म्हणून बेडूक उचलून स्वच्छ पानावर ठेवतात, मधली फांदी वाकवून बांधतात, एकामागून एक फ्लॅश मारत राहतात. नर गप्प होतो आणि त्या रात्री पुन्हा बोलत नाही. मोसमात चांगल्या रात्री मोजक्याच असतात. माझी अशा सगळ्या मित्रांना कळकळीची विनंती आहे: बेडूक जिथे बसला आहे तिथेच त्याचा फोटो काढा, फांदीला हात लावू नका, आणि अंडी असलेल्या पानाजवळ थांबू नका.

तिसरी गोष्ट जरा नाजूक आहे. उन्हाळ्याच्या तोंडाला ओढे आटून डोह उरतात आणि काही ठिकाणी मासे झटपट मिळावेत म्हणून त्यांत ब्लीचिंग पावडर टाकली जाते. मासे वर येतात, पण त्याबरोबर डोहातलं सगळंच मरतं. रातबेडकाचे बेडूकमासे पावसाळा सरल्यावरही डोहाच्या तळाशी पाला-दगडांत आम्हाला दिसतात. झुडपातली अंडी सुखरूप उबली, पावसाच्या लोंढ्यातून वाचली, आणि मग थंडी-उन्हाळ्यात एका मूठभर पावडरीने संपली, असं होतं. हे मी मामांशी बोलले तेव्हा ते लगेच काही म्हणाले नाहीत. दोन दिवसांनी सकाळी चहाला बोलावून म्हणाले, ''ताई, आमच्या आज्याच्या वेळेला चढणीचं मासं हातानं धरायचं. पावडर ही पोरांची अक्कल. मी बोलतो त्यांच्याशी. तुम्ही नका बोलू, तुमचं ऐकायचं नाहीत.'' ते बोलले. त्यांच्या वाडीच्या डोहात आता पावडर पडत नाही. मी सभा घेतली असती, पत्रकं वाटली असती. मामांच्या एका सकाळच्या बोलण्याने ते काम झालं.

आमच्या कामाचीही एक शिस्त आहे आणि ती मी प्रत्येक नव्या विद्यार्थ्याकडून घोटून घेते. जगभरातल्या डोंगरी ओढ्यांतले बेडूक गेल्या चाळीस वर्षांत झपाट्याने गेले, त्यामागे एक बुरशी आहे: कायट्रिड. ती बेडकाच्या कातडीवर वाढते, आणि बेडूक कातडीतूनच पाणी आणि क्षार सांभाळत असल्यामुळे त्याचं हृदय थांबू शकतं. 2019 साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासाने उभयचरांच्या 501 जातींच्या घसरणीशी या बुरशीचा संबंध जोडला. त्यांतल्या 90 जाती नष्ट झाल्याचं मानलं जातं. मध्य अमेरिका आणि ऑस्ट्रेलियात तिचा कहर झाला. उत्तर पश्चिम घाटातल्या बेडकांवरही ही बुरशी आढळल्याचं 2013 साली नोंदलं गेलं, पण ती इथल्याच आशियाई वाणाची निघाली आणि तिच्यामुळे सामूहिक मृत्यू झाल्याचं दिसलं नाही. आपले बेडूक तिच्यासोबत जगताना दिसतात. तरी एका ओढ्याचा चिखल बुटांना घेऊन दुसऱ्या ओढ्यात उतरणं मला गैर वाटतं. म्हणून दोन ओढ्यांच्या मधे, पाण्यापासून लांब, बूट घासून, जंतुनाशकाने धुऊन, कोरडे करायचे. थकवा असो, पाऊस असो, जळवा चिकटलेल्या असोत, हे टाळायचं नाही. ज्याच्यासाठी आपण आलो, त्याच्याच दारात आपण रोग नेऊन ठेवायचा नाही.

मधेच विद्यार्थी विचारतात, एवढ्याशा बेडकाचा उपयोग काय? मी त्यांना किडे खाण्याचा हिशोब सांगते, साप आणि खेकड्यांचं अन्न म्हणून त्याची जागा सांगते. ते खरंच आहे. पण माझं मन त्या उत्तरावर थांबत नाही. लाखो वर्षं या एका डोंगररांगेत राहून एका प्राण्याने संततीची एक वेगळी रीत घडवली आणि 2016च्या अभ्यासापर्यंत तरी ती दुसऱ्या कुठल्याही बेडकात नोंदली गेली नव्हती. ही रीत महाराष्ट्राची आहे. सातारा जिल्ह्यातल्या एका ओढ्यात ती पहिल्यांदा उलगडली. आपण गडकिल्ल्यांचा अभिमान बाळगतो, तेवढ्याच हक्काने याचाही बाळगावा, असं मला मनापासून वाटतं. आणि अभिमान बाळगला तर राखण करावी लागते.

ती राखण शक्य आहे, हे आपल्या राज्याने दाखवूनही दिलं आहे. आंबोलीला हिरण्यकेशीच्या उगमापाशी, देवळाच्या कुंडात एक इटुकला मासा सापडला. 2020 साली त्याची नवी जात म्हणून नोंद झाली आणि 2021 मध्ये शासनाने ती जागा जैवविविधता वारसा स्थळ म्हणून जाहीर केली. एका माशासाठी, एका कुंडासाठी. ज्या हत्याराने हे झालं तो जैवविविधता कायदा 2002 सालचा आहे आणि त्याच कायद्यानुसार प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती आणि लोकजैवविविधता नोंदवही असायला हवी. नोंदवहीत झाडं, औषधी वनस्पती, पिकांचे वाण येतात. ओघळी क्वचितच येतात. आमच्या कामाचा पुढचा टप्पा मला हाच दिसतो.

गेल्या हिवाळ्यात आम्ही गावातल्या काही बायकांना आणि मामांना घेऊन पहिली यादी करायला बसलो. प्रत्येक धार कुठून निघते, कधी आटते, काठाला काय उगवतं, पाणी कोण नेतं, लाकूडफाटा कोण आणतं. बायकांना प्रत्येक ओघळीचं नाव माहीत होतं. जी नावं मला वर्षानुवर्षं सापडली नव्हती, ती त्यांनी एका दुपारी सांगितली. मग नियमांवर बोललो. पाण्यावर झुकलेली झुडपं पावसाळ्याआधी तोडायची नाहीत. सरपण आणि गवत काठापासून चार पावलं सोडून काढायचं. उन्हाळ्यात धार पूर्ण वळवून न्यायची नाही, पाइप टाकला तरी डोहात पाणी राहील एवढं खाली सोडायचं. रस्त्याचं काम आलं तर मोरीच्या दोन्ही बाजूंचा पाला ठेवायला सांगायचं, आणि तो ठराव ग्रामसभेत लेखी घ्यायचा. सगळं एका बैठकीत पटलं असं नाही. गवताचा प्रश्न खरा आहे, जनावरं खरी आहेत, आणि त्यावर वाद झाला. एका काकूंनी शेवटी तोडगा काढला: काठाचं गवत दिवाळीनंतर कापायचं, तोवर बेडकाचं काम झालेलं असतं. तो तोडगा आमच्यापैकी कुठल्याही अभ्यासकाला सुचला नव्हता.

रातबेडूक वाचवायला फार मोठा निधी लागत नाही, नवं अभयारण्यही लागत नाही. ज्या पाण्याला गाव रोज वापरतं, त्या पाण्याच्या काठाची चार पावलं जागा गावाने आणि शासनाने मिळून जाणीवपूर्वक सोडायची, आणि ती सोडली आहे हे कागदावर उमटवायचं, म्हणजे पुढच्या ठेकेदाराला ती दिसेल. यंदा पावसाआधी आमच्या तीन वाड्यांच्या नोंदवहीत ओघळींची पानं पूर्ण व्हावीत, असं ठरलं आहे. सह्याद्रीतल्या इतर गावांनीही आपापल्या ओघळी लिहून काढाव्यात. नावं बायकांना विचारा. त्यांना ती पाठ आहेत.